कॅमेरा लाव, आणि गप्प बस

अगं, किती घाबरतेस! पोळी-भाजी केंद्रातल्या मावशींवर फिल्म करायची ठरवलीस आणि आता ‘त्यांच्या आयुष्यात घडतंय काय, दाखवू काय’ म्हणून झोप उडालीय तुझी. खरं सांगू का, काही घडायलाच हवं असं नाही.

फ्रेडरिक वाइझमनची ‘वेल्फेअर’ बघ. 1975 ची, कृष्णधवल, पावणेतीन तासांची. न्यूयॉर्कच्या एका सरकारी मदत-कचेरीत लोक ताटकळतायत, कागद दाखवतायत, या टेबलावरून त्या टेबलावर पिटाळले जातायत. बस, एवढंच. निवेदन नाही, मुलाखती नाहीत, वरून घातलेलं संगीत नाही. रेशनच्या रांगेचं शूटिंग वाटेल तुला सुरुवातीला! पण हा गडी मध्येच तोडत नाही गं. माणसं चिडतात, अडखळतात, तेच तेच पुन्हा सांगतात, आणि आपल्याला ऐकून घ्यावं लागतं. कारकूनही नुसता खलनायक राहत नाही, दमलेला माणूस दिसतो. आपल्याकडे गरीब बाई पडद्यावर आली रे आली की मागे सारंगी रडायला लागते. मग बाई बाजूला राहते, कीव तेवढी उरते.

तू मावशींना ‘तुम्हाला काय वाटतं?’ विचारलंस की त्या पदर सावरून टीव्हीवरच्यासारखं बोलणार, बघ. त्यापेक्षा त्यांना लाटू दे. न बघता तोडलेला प्रत्येक गोळा सारखाच कसा निघतो, तव्यावर बोट भाजलं तरी गिऱ्हाइकाशी सुट्ट्या पैशांवरून चाललेला वाद कसा थांबत नाही, ते एका दमात घे.

परवानगी मात्र आधी. आणि ती मालकिणीची घेऊन भागायचं नाही, मावशींची हवी. निष्ठा जैनची ‘लक्ष्मी अँड मी’ (2007) बघितलीस? मुंबईत तिच्याच घरी कामाला येणाऱ्या मुलीवरची. बघताना अवघडायला होतं, कारण कॅमेरा जिच्या हातात, पगारही तीच देते. दिग्दर्शिका स्वतःला त्यातून वगळत नाही, हे मला फार आवडलं. तूही मावशींना चित्रीकरण दाखव. ‘हे काढ’ म्हणाल्या तर मुकाट्याने काढ, हुज्जत नको.

आवाजाकडे लक्ष दे हं. वाइझमन कॅमेरा दुसऱ्याकडे द्यायचा आणि माइक स्वतः धरायचा. एक्झॉस्ट फॅनपासून लांब उभी राहा, नाहीतर माझ्या पहिल्या फिल्मसारखा तुझाही पंखाच नायक होईल!

आणि गर्दी ओसरली की मावशी जेवायला बसतील, तेव्हा कॅमेरा चालू ठेवायचा की बंद, ते त्यांनाच विचार.