जमीन सपाट, मग पंपाला चढ कुठला?

खैरानची जमीन जवळजवळ सपाट. इथे बागेसाठी पंप घेताना उंचीचा विचार सहसा कोणी करत नाही. पण याच अनुभवावरून गावच्या डोंगरउतारावरील शेतासाठी पंप सुचवला, तर पाणी वर पोहोचत नाही. हिशेब मात्र दोन्हीकडे एकच आहे.

पंपाला पाणी किती जोराने ढकलावे लागेल ते मीटरमध्ये मोजतात. त्याला ‘हेड’ म्हणतात. त्याचे तीन भाग असतात: पाण्याच्या पातळीपासून शेवटच्या तोंडापर्यंतची उभी उंची, पाइपमधील घर्षण आणि ठिबकला लागणारा दाब. 10 मीटर हेड म्हणजे साधारण 1 बार दाब.

समजा, खैरानला जमिनीखालच्या टाकीतून तासाला 3000 लिटर पाणी हवे आहे. उंची 3 मीटर, घर्षण 4, ठिबकसाठी 10. एकूण 17 मीटर. पंपाची कार्यक्षमता 50 टक्के धरली तर सुमारे 280 वॅट लागतात. अर्ध्या अश्वशक्तीचा पंप पुरे.

आता गावी विहिरीतले पाणी 8 मीटर खोल आणि शेत विहिरीच्या काठापासून 30 मीटर वर. उंचीच 38 मीटर झाली. बाकीचे आकडे तेच ठेवले, तर एकूण 52 मीटर आणि सुमारे 850 वॅट. म्हणजे दीड अश्वशक्तीचा पंप हवा.

इथे दोन चुका हमखास होतात. एक, उंची जमिनीपासून मोजणे. ती उन्हाळ्यातल्या सर्वांत खालच्या पाणीपातळीपासून मोजावी. दुसरी, उतारावरच्या पाइपची लांबी हीच उंची समजणे. लांबीमुळे घर्षण वाढते. ते जाड पाइप टाकून कमी करता येते. उंची मात्र कशानेही कमी होत नाही. म्हणूनच सांगली भागातील टेंभू आणि म्हैसाळ योजनांत कृष्णेचे पाणी टप्प्याटप्प्याने उचलावे लागते.

मग सरसकट मोठाच पंप घ्यावा का? नाही. 50 मीटर हेडचा सेंट्रिफ्युगल पंप 17 मीटरवर चालवला, तर तो जास्त पाणी फेकतो, मोटरवर भार वाढतो आणि ती तापून बंद पडू शकते.

कुवेतमध्ये आणखी एक गोष्ट ध्यानात ठेवावी. पंप टाकीच्या वर बसवला तर पाणी खेचण्याला हवेच्या दाबाची मर्यादा असते: तत्त्वतः सुमारे 10 मीटर, व्यवहारात 6-7. पाणी 45 अंशांपर्यंत तापले, की वाफेच्या दाबामुळे त्यातला जवळजवळ 1 मीटर जातो. म्हणून पंप पाण्याच्या शक्य तितका जवळ, सावलीत बसवावा.

दुकानात जाताना अश्वशक्ती विचारू नका; हेड आणि तासाला लागणारे लिटर, हे दोन आकडे सोबत न्या.