पाइनच्या ओंडक्यांचें मंदिर

फिनलंड देशाच्या मध्यभागीं पेतायावेसी नांवाचें एक खेडें आहे. तेथील लोकांच्या भाषेंत या नांवाचा अर्थ ‘पाइनचें पाणी’ असा होतो, आणि तो यथार्थ आहे. कारण चोहोंकडे पाइन वृक्षांचें अरण्य असून त्यांत सरोवरें पसरलेलीं आहेत. या गांवच्या शेतकऱ्यांनीं १७६३ पासून १७६५ पर्यंत खपून जें लूथरपंथी उपासनामंदिर बांधिलें, तें अद्यापि उभें आहे. त्यांत दगडी भिंत नाहीं कीं विटेची कमान नाहीं. जमिनीपासून शिखरापर्यंत सर्व काम लांकडाचें आहे.

प्रथम जागेचा विचार करूं. आपल्याकडे मंदिरासाठीं जागा शोधितांना रस्ता कोठें आहे हें पाहतात. तेथें त्या काळीं रस्ते थोडे, व पाणी मात्र सर्वत्र. म्हणून त्यांनीं दोन सरोवरांच्या मध्यें शिरलेलें जमिनीचें एक टोंक पसंत केलें. उन्हाळ्यांत मंडळी होड्यांतून उपासनेस येई, आणि हिंवाळ्यांत सरोवरें गोठलीं म्हणजे त्याच पाण्यावरून गाड्यांनीं व पायीं येई. ज्या पाण्यानें घरें एकमेकांपासून दूर ठेविलीं होतीं, तेंच मंडळीचा मार्ग झालें.

मुख्य कारागीर याक्को क्लेमेतिनपोइका लेप्पानेन हा होता. ‘क्लेमेतिनपोइका’ म्हणजे क्लेमेत्तीचा मुलगा. आपणही नांवांत बापाचें नांव घालितोंच. तो शहरांत शिकलेला शिल्पशास्त्री नव्हता, खेड्यांतील सुतार होता. त्याच्यापुढें जी अडचण होती ती लक्षपूर्वक समजून घेण्यासारखी आहे. ओंडक्यांच्या घराची भिंत म्हणजे एकावर एक आडवे रचिलेले ओंडके. कोपऱ्यांवर त्यांस खांचा पाडून ते एकमेकांत असे बसवितात कीं, एक ओंडका दुसऱ्यास सुटूं देत नाहीं. परंतु भिंत झाडाहून लांब कशी करावी? आणि केली तरी ती मध्यें बाहेर फुगेल, तिला आधार कशाचा? या प्रश्नाचें उत्तर म्हणजे क्रुसाचा आकार. क्रुसाच्या चार बाहू केल्या कीं भिंत ठिकठिकाणीं वळते, प्रत्येक वळणावर कोपरा येतो, आणि प्रत्येक कोपरा भिंतीस घट्ट धरून ठेवितो. अशा रीतीनें लहान लांबीच्या ओंडक्यांतून मोठें मंदिर उभें राहतें, व आंत एकही खांब उभा करावा लागत नाहीं. क्रुसाचें चिन्ह आणि सुतारकामाची गरज यांचा येथें सहज मेळ पडला.

चारही बाहूंवर फळ्यांची अर्धगोल छतें आहेत, व मध्यें जेथें त्या मिळतात तेथें अष्टकोनी घुमट आहे. त्या वेळीं फिनलंड स्वीडनच्या राज्यांत होतें, आणि स्वीडनची राजधानी स्टॉकहोम येथील कॅथरिना मंदिरासारख्या मोठ्या इमारतींत क्रुसाकृति बांधणी व मध्यें घुमट अशी रचना होती. राजधानींत जें दगडविटांनीं झालें, तें अरण्यांतील सुतारानें फळ्यांनीं केलें. दगडी कमान स्वतः भार वाहते. येथें भार वरच्या छपराच्या लांकडांवर आहे, आणि आंतील फळ्या केवळ त्या कमानीचें रूप दाखवितात. यास कोणी नक्कल म्हणेल. मला तसें वाटत नाहीं. कारण आंत उभ्या राहणाऱ्यास दगडाची आठवणही होत नाहीं. भिंतींस रंग दिलेला नाहीं. पाइनचें लांकूड काळानें तपकिरी झालें आहे, व छताच्या सांध्यांवर तेवढी तांबड्या मातीच्या रंगाची नक्षी आहे. बाहेरून उतरत्या छपरावर कौलांच्या जागीं लहान लांकडी फळ्या एकीवर एक बसविल्या आहेत.

व्यासपीठ एका मनुष्याच्या मूर्तीनें पेललेलें आहे. ती मूर्ति ख्रिस्तोफराची होय, ज्यानें बाळ येशूला खांद्यावर घेऊन नदी पार केली अशी जुनी कथा आहे. लूथरपंथी मंदिरांत हा संत पाहून कित्येकांस नवल वाटेल. पण जी मंडळी दर रविवारीं पाणी ओलांडून येत असे, तिला तो परका वाटला नसावा.

१८२१ सालीं याक्कोचा नातू एर्क्की लेप्पानेन यानें मंदिरास घंटाघर जोडिलें. आजोबांच्या कामाशीं तें विसंगत दिसत नाहीं.

पुढें १८७९ सालीं गांवांत नवें मंदिर झालें, व मंडळी तिकडे गेली. जुन्या मंदिराचा उपयोग जवळजवळ बंद पडला. दफनभूमि व घंटाघर मात्र वापरांत राहिलीं. मंडळीस दोष देण्यापूर्वीं इतकें ध्यानांत घ्यावें कीं, जुन्या मंदिरांत ऊब देण्याची कांहींच सोय नाहीं, आणि तेथील हिंवाळा प्राणघातक असतो. शिवाय या सोडून जाण्याचा एक विलक्षण परिणाम झाला. जीं मंदिरें वापरांत राहतात, त्यांस प्रत्येक पिढी नवा रंग, नवीं बांकें, नव्या खिडक्या देते. येथें तसें करण्यास कोणीच नव्हतें. म्हणून १९२० नंतरच्या दशकांत ऑस्ट्रियाचे कलेतिहासकार योसेफ स्ट्रझिगोव्स्की यांची दृष्टि या मंदिराकडे वळली, तेव्हां याक्कोचें व एर्क्कीचें काम बहुतेक जसेंच्या तसें त्यांच्यापुढें होतें. त्यानंतर दुरुस्तीस आरंभ झाला, आणि १९९४ सालीं युनेस्को संस्थेनें या खेड्यांतील मंदिराचें नांव जागतिक वारशाच्या यादींत घातलें.

आतां उन्हाळ्यांत तेथें पुन्हां उपासना होतात. भिंतींत अजून ऊब नाहीं, म्हणून बर्फ पडूं लागलें कीं मंडळी नव्या मंदिरांत परत जाते.