पेशी आणि पाणी : एक पाठ

(इयत्ता ५ वी ते ७ वी, सामान्य विज्ञान व आरोग्य. तासिका : दोन)

पाठाची भूमिका

‘पेशी हा सजीवाचा मूलघटक होय,’ हे वाक्य बहुतेक सर्व मुलांना मुखोद्गत असते. वाक्य खरे आहे; परंतु पेशी काय करते हे न कळता ते पाठ झाले, तर परीक्षेच्या दुसऱ्या दिवशी त्याचा उपयोग संपतो. पेशी जिवंत आहे म्हणजे ती सतत काही तरी आत घेत असते, बाहेर टाकीत असते आणि आतबाहेरच्या देवघेवीवर पहारा ठेवीत असते. प्रस्तुत पाठात या देवघेवीपैकी एकच गोष्ट, म्हणजे पाण्याची ये-जा, घेतली आहे. तिचा माग बटाट्याच्या फोडीपासून शेतातील पिकापर्यंत व तेथून मनुष्याच्या आतड्यापर्यंत काढावयाचा आहे. पाठाच्या शेवटी मुलांच्या हाती अशी एक माहिती यावी, की जी घरातील तान्ह्या भावंडाचा जीव वाचविण्यास उपयोगी पडेल.

साहित्य

बटाटा, बीट, काकडी, कांदा, मीठ, साखर, तेरड्याचे रोप, तांबडी शाई, चार पेले, एक लीटर मापाचे भांडे व चहाचा चमचा. सूक्ष्मदर्शक असल्यास उत्तम. नसल्यास पाठ अडत नाही.

१. पेशीची ओळख

इ. स. १६६५ मध्ये रॉबर्ट हूक या इंग्रज शास्त्रज्ञाने बुचाचा पातळ काप सूक्ष्मदर्शकाखाली पाहिला, तेव्हा त्यास मधाच्या पोळ्यासारखी लहान लहान घरे दिसली. ती मेलेल्या पेशींची रिकामी घरे होती. पुढे १८३८ मध्ये श्लायडेन याने वनस्पतींविषयी आणि १८३९ मध्ये श्वान याने प्राण्यांविषयी सिद्धांत मांडला, की सर्वांची शरीरे पेशींचीच बनलेली आहेत.

कांद्याच्या पाकळीच्या आतील बाजूचा पातळ पापुद्रा आयोडिनाचा थेंब टाकून सूक्ष्मदर्शकाखाली ठेवल्यास विटांच्या भिंतीसारखी रचना दिसते. सूक्ष्मदर्शक नसेल तेथे फळ्यावर ही आकृती मोठी काढावी व तीत चार भाग दाखवावेत : बाहेरची ताठ पेशीभित्तिका, तिला आतून चिकटलेले नाजूक पेशीपटल, आतील पेशीद्रव्य आणि केंद्रक. भित्तिका व पटल यांतील फरक समजण्यास सायकलचे चाक हे चांगले उदाहरण होय. भित्तिका म्हणजे टायर, पटल म्हणजे आतील ट्यूब. प्राण्यांच्या पेशींना भित्तिका नसते, म्हणजे टायरावाचून नुसती ट्यूबच असते, हे याच वेळी सांगून ठेवावे. पुढे त्याचे काम पडणार आहे.

२. पाणी कोठून कोठे जाते?

पाठापूर्वी दोन तास बटाट्याच्या सारख्या लांबीच्या दोन पातळ फोडी कापून एक साध्या पाण्यात व दुसरी दोन चमचे मीठ घातलेल्या पाण्यात ठेवावी. वर्गात त्या बाहेर काढून मुलांच्या हाती द्याव्यात. साध्या पाण्यातील फोड ताठ राहते. खाऱ्या पाण्यातील फोड लुळी पडते व दोन्ही टोकांस धरल्यास वाकते. पट्टीने मोजल्यास तिची लांबीही किंचित कमी भरते.

असे का झाले, हे लगेच सांगू नये. काकडीच्या चकत्यांना मीठ लावून त्या समोर ठेवाव्यात. थोड्याच वेळात पाणी सुटू लागते. कोशिंबीर करताना, किंवा लोणच्यासाठी कैरीला मीठ लावून ठेवल्यावर घरी असेच होते, हे मुली आपण होऊन सांगतील. यानंतर नियम मांडावा : पेशीपटलातून पाणी सहज ये-जा करते, पण मीठ तसे करू शकत नाही, म्हणून ज्या बाजूस विरघळलेले पदार्थ अधिक, त्या बाजूकडे पाणी ओढले जाते. या क्रियेस परासरण म्हणतात.

पटलाचा हा पहारा पेशी जिवंत असेपर्यंतच टिकतो. बिटाची कच्ची फोड धुऊन थंड पाण्यात ठेवली, तर पाणी फारसे रंगत नाही. तशीच दुसरी फोड उकळत्या पाण्यात टाकताच रंग बाहेर पडू लागतो. रंग तोच, फोड तीच. उष्णतेने पटल नष्ट झाले एवढाच फरक. उकळते पाणी शिक्षकांनी स्वतः हाताळावे.

३. वनस्पतीत

तेरड्याचे रोप मुळांसकट उपटून, मुळे धुऊन व त्यांची टोके कापून तांबड्या शाईच्या पाण्यात ठेवावे. त्याच्या पारदर्शक देठातून तांबड्या रेषा वर चढताना दिसतात. मुळांवरील केसांसारख्या पेशी जमिनीतील पाणी परासरणाने घेतात. ते नलिकांतून पानांपर्यंत चढते आणि पानांवरील सूक्ष्म छिद्रांतून वाफेच्या रूपाने बाहेर पडते. पाण्याने फुगलेल्या पेशी आपापल्या भित्तिकांवर दाब देतात, म्हणून पान ताठ उभे राहते. दाब कमी झाला की रोप माना टाकते.

क्षारपड जमिनीत ओल असूनही पीक सुकते, याचे कारण आता मुलांनाच विचारावे. जमिनीतील पाण्यात क्षार अधिक झाले की मुळांस ते पाणी ओढून घेता येत नाही. मुळाशी रासायनिक खताचा ढीग पडल्यास रोप करपते, तेही याच कारणाने. बटाट्याच्या फोडीवर जे घडले तेच शेतात घडते.

४. मनुष्यशरीरात

सारख्या कामाच्या पेशींची ऊती, ऊतींचे इंद्रिय, इंद्रियांची संस्था व संस्थांचे शरीर, ही परंपरा फळ्यावर थोडक्यात लिहावी. प्रौढ मनुष्याच्या वजनाचा निम्म्याहून अधिक भाग पाणीच असते. तान्ह्या मुलात हे प्रमाण त्याहूनही जास्त असते. रक्तातील तांबडी पेशी नुसत्या पाण्यात टाकल्यास पाणी आत शिरून ती फुगते आणि आवरणाला टायर नसल्यामुळे फुटते. म्हणूनच शिरेतून द्यावयाच्या साध्या सलाईनमध्ये दर लीटरला ९ ग्रॅम मीठ असते.

आता मुख्य मुद्दा. पटकी किंवा तीव्र जुलाबात आतड्याच्या अस्तरातील पेशी क्षार बाहेर टाकू लागतात आणि त्या क्षारांमागून पाणी जाते. रोग्याला मारते ते बहुधा हे पाणी व क्षार जाणेच. ‘जुलाब होत असताना पाणी पाजू नये’ असा समज अनेक घरांत आढळतो. तो घातक आहे. मात्र नुसते पाणीही पुरेसे नाही. आतड्याच्या पेशींत एक दार असे आहे, की ज्यातून मीठ व द्राक्षशर्करा जोडीने आत येतात, आणि हे दार पटकीतही बंद पडत नाही. साखर मिठाला आत नेते व त्यांच्या मागून पाणी येते.

१९७१ मध्ये बांगलादेशच्या युद्धकाळात पश्चिम बंगालमधील बनगाव येथे निर्वासितांत पटकीची साथ पसरली. शिरेतून द्यावयाचे द्रावण अपुरे पडले. तेव्हा डॉ. दिलीप महालनबीस यांनी मीठ, द्राक्षशर्करा व खाण्याचा सोडा यांचे द्रावण रोग्यांच्या नातेवाइकांकरवीच पाजविले. शंभर रोग्यांत सुमारे ३० मरत होते, तेथे हे प्रमाण ४ हून खाली आले. नातेवाइकांत कोणी वैद्य नव्हते. पेल्याने पाजणे एवढेच त्यांनी केले.

५. जलसंजीवनी

दवाखान्यात मिळणारी जलसंजीवनीची पुडी सर्वांत उत्तम. पुडीवर लिहिले असेल तितक्याच पाण्यात ती संपूर्ण घालावी. पुडी नसेल तेव्हा उकळून निवविलेल्या १ लीटर पाण्यात चहाचे ६ सपाट चमचे साखर आणि अर्धा सपाट चमचा मीठ विरघळवावे. हे माप वर्गात प्रत्येक गटाकडून करवून घ्यावे. चव अश्रूंहून खारट लागता कामा नये. मीठ वा साखर अधिक झाल्यास आतड्यातील द्रावण पेशींतूनच पाणी ओढील. वर्गातील लुळी पडलेली बटाट्याची फोड येथे पुन्हा दाखवावी.

दोन वर्षांखालील मुलास प्रत्येक जुलाबानंतर पाव ते अर्धा पेला, त्याहून मोठ्यास अर्धा ते एक पेला द्यावे. ओकारी झाल्यास दहा मिनिटे थांबून चमच्या-चमच्याने पाजावे. अंगावरचे दूध व नेहमीचे अन्न बंद करू नये. द्रावण २४ तासांनंतर टाकून नवे करावे. डोळे खोल जाणे, लघवी न होणे, चिमटीत धरलेली कातडी सावकाश पूर्ववत होणे, मूल मलूल पडणे, पिणे बंद होणे किंवा शौचात रक्त येणे, यांपैकी एकही लक्षण दिसताच दवाखाना गाठावा. वाटेतही, मूल पिऊ शकत असल्यास, पाजणे चालू ठेवावे.

उजळणीचे प्रश्न

१. मीठ लावलेल्या काकडीस पाणी का सुटते?
२. क्षारपड जमिनीत ओल असूनही पीक का सुकते?
३. तांबडी पेशी नुसत्या पाण्यात फुटते, पण कांद्याची पेशी फुटत नाही, का?
४. जलसंजीवनीत साखर कशासाठी घालतात?
५. मीठ दुप्पट घातले तर काय होईल?

स्वाध्याय

प्रत्येक मुलाने घरी वडील मंडळींसमोर एक लीटर द्रावण योग्य मापाने तयार करून दाखवावे आणि मापाचे कारण आपल्या शब्दांत सांगावे. दुसऱ्या दिवशी शिक्षकांनी, घरी कोणत्या शंका निघाल्या, हे विचारून त्यांचे निरसन करावे. चौथ्या व पाचव्या प्रश्नांची उत्तरे ज्या मुलास कारणासह देता आली, त्यास पेशी समजली असे मानण्यास हरकत नाही.