इमाम गझाली : चरित्र आणि बोध



विद्वान कोणाला म्हणावे आणि साधू कोणाला म्हणावे, हा विषय कीर्तनाच्या पूर्वरंगात पुष्कळदा येतो. शास्त्र मुखोद्गत झाले म्हणजे ते अंगी मुरले असे नाही, हे सांगायला सोपे, पण पटवायला कठीण. म्हणून आज दूरदेशीच्या एका पुरुषाचे चरित्र अभ्यासाला घेऊ. ते इस्लाम धर्माचे थोर पंडित. वादसभेत त्यांच्यापुढे उभे राहणे सोपे नव्हते. आणि ऐन वैभवाच्या दिवसांत, शिष्यांपुढे शिकवायला बसले असता, त्यांची वाचाच बसली. त्यांचे नाव अबू हामिद मुहंमद गझाली. त्यांचे लोक त्यांना हुज्जत-उल्-इस्लाम, म्हणजे इस्लामचे प्रमाण, असे म्हणतात.

जन्म आणि विद्या

इराणच्या खोरासान प्रांतात, आजच्या मशहद शहराजवळ, तूस नावाचे नगर होते. तेथे इ. स. १०५८ मध्ये, म्हणजे शके ९८० च्या सुमारास, गझालींचा जन्म झाला. वडील लोकर कातून विकत, अशी परंपरा आहे. स्वतःला अक्षर आले नाही याची त्यांना खंत होती. मरतेवेळी त्यांनी थोडीशी पुंजी आणि अबू हामिद व अहमद ही दोन मुले एका सूफी मित्राच्या स्वाधीन केली. पुंजी संपली तेव्हा तो भला माणूस म्हणाला, “बाळांनो, माझ्याजवळ आता काही नाही. मदरशात जा, तेथे विद्येबरोबर जेवणही मिळते.” पोटासाठी विद्येच्या दारी गेलो, पण विद्याच देवावाचून दुसऱ्या कशाची होऊन राहीना, अशा अर्थाचे बोलणे गझालींच्या नावावर सांगतात.

विद्यार्थिदशेतली एक आख्यायिका फार गोड आहे. जुर्जान येथे शिकून ते घरी परत निघाले. वाटेत दरोडेखोरांनी लुटले. गझाली त्यांच्या मागे धावले आणि म्हणाले, “बाकी सारे घ्या, पण माझी टिपणे तेवढी द्या. ती ऐकण्या-लिहिण्यासाठीच मी इतक्या दूर गेलो होतो. माझी सारी विद्या त्यांत आहे.” म्होरक्या हसला. म्हणाला, “आम्ही गाठोडे नेले आणि तुझी विद्या गेली, तर ती तुझी होती कशी?” टिपणे परत मिळाली, पण बोल जिव्हारी लागला. घरी येऊन तीन वर्षे त्यांनी ती सारी टिपणे पाठ केली.

बरे, पाठ केली म्हणजे तरी आपली झाली का? दरोडेखोराच्या प्रश्नाचे हे अर्धेच उत्तर. उरलेले अर्धे मिळायला पुढे बरीच वर्षे लागली.

बगदादचे वैभव

निशापूरला इमाम जुवैनी नावाचे मोठे आचार्य होते. त्यांच्यापाशी गझालींनी धर्मशास्त्र, न्याय आणि तत्त्वविचार यांचा अभ्यास केला. १०८५ मध्ये गुरू निवर्तले. पुढे सेल्जूक सुलतानांचा वजीर निजाम-उल्-मुल्क याने या तरुण पंडिताला जवळ केले आणि १०९१ मध्ये बगदादच्या निजामिया मदरशात मुख्य आचार्य नेमले. वय अवघे तेहेतीस. तीनशे विद्यार्थी त्यांच्यापुढे बसत, असे ते स्वतःच लिहितात. सरदार-दरकदार सल्ल्याला येत.

याच काळात त्यांनी ग्रीक विचारांना अनुसरणाऱ्या तत्त्वज्ञांवर ‘तहाफुत-उल्-फलासिफा’ हा खंडनग्रंथ लिहिला. आपल्याकडील पंडितांप्रमाणे त्यांनी आधी पूर्वपक्ष नीट अभ्यासला. तत्त्वज्ञांच्या मतांचे वेगळे निरूपण इतके चोख केले की, पुढे युरोपात तो ग्रंथ वाचणाऱ्यांना हे त्यांचेच मत वाटले. मग वीस मुद्दे घेऊन खंडन केले. त्यांतील तीन मुद्द्यांवर त्यांनी प्रतिपक्षाला धर्मबाह्य ठरवले, हेही सांगितले पाहिजे. तो निवाडा कठोरच होता.

वाचा बसली

आत मात्र वेगळेच चालले होते. ‘भ्रमातून सोडवणारा’ अशा अर्थाच्या नावाचे त्यांचे आत्मनिवेदन आहे. त्यात ते सांगतात की, मला निश्चित ज्ञान हवे होते. डोळ्यांवर विश्वास ठेवावा, तर आकाशातला तारा नाण्याएवढा दिसतो आणि गणित सांगते की तो पृथ्वीहून मोठा आहे. म्हणजे इंद्रियांना बुद्धीने खोटे पाडले. मग बुद्धीला खोटे पाडणारा तिच्याहून वरचा कोणी नसेल कशावरून? स्वप्नात पाहिलेले स्वप्न असेपर्यंत खरेच वाटते. मग ही जागृतीही तशीच नसेल कशावरून? वेदान्त ऐकलेल्या वाचकाला हा दृष्टान्त ओळखीचा वाटेल. सुमारे दोन महिने ते या संशयात होते. त्यातून तर्काने सुटका झाली नाही. ईश्वराने हृदयात टाकलेल्या प्रकाशाने झाली, असे ते म्हणतात.

मग त्यांनी सत्य शोधणाऱ्यांचे चार वर्ग तपासले : धर्ममताचे वादी पंडित, गुप्त गुरूवर भिस्त ठेवणारे बातिनी, तत्त्वज्ञ आणि सूफी. सूफींचे ग्रंथ वाचून झाल्यावर एक गोष्ट लक्षात आली : येथले मर्म वाचून मिळणारे नाही, चाखूनच मिळणारे आहे. आरोग्याची व्याख्या येणे वेगळे आणि निरोगी असणे वेगळे.

इतके कळल्यावर त्यांनी स्वतःच्या शिकवण्याकडे नजर वळवली. मी हे देवासाठी करतो का? उत्तर आले, नाही. मान आणि कीर्ती यांसाठी करतो. १०९५ च्या उन्हाळ्यापासून सुमारे सहा महिने ही ओढाताण चालली. सकाळी निश्चय करावा की सारे सोडून निघावे, संध्याकाळी तो ढासळावा. शेवटी जिभेला जणू कुलूप लागले. विद्यार्थ्यांसाठी एक दिवस तरी बोलावे म्हटले, तर शब्द उमटेना. अन्न गिळवेना. वैद्यांनी हात टेकले. रोग मनाचा आहे, तेथूनच शरीरात उतरला आहे, असे ते म्हणाले.

त्याच वर्षी नोव्हेंबरात त्यांनी बगदाद सोडले. लोक अडवतील म्हणून मक्केला जातो असे सांगितले आणि दमास्कसची वाट धरली. बायकामुलांच्या निर्वाहापुरते ठेवून बाकीचे धन वाटून टाकले. दमास्कसच्या मोठ्या मशिदीच्या मनोऱ्यात दार लावून दिवस दिवस एकांत केला. तेथून जेरूसलेम, मग हेब्रॉन. हेब्रॉनला इब्राहिम पैगंबरांच्या समाधीपाशी तीन नेम केले : राजाचे धन घेणार नाही, राजाच्या दरबारी जाणार नाही, लोकांशी वाद घालणार नाही. पुढे मक्का-मदिनेची यात्रा केली.

ग्रंथविचार

या वैराग्याच्या वर्षांत त्यांचा महाग्रंथ झाला : ‘इह्या उलूम-उद्-दीन’, म्हणजे धर्मविद्यांचे पुनरुज्जीवन. त्याचे चार भाग आणि प्रत्येक भागात दहा, अशी एकूण चाळीस प्रकरणे. पहिला भाग उपासनेचा, दुसरा खाणेपिणे, संसार, सोबत अशा नित्य व्यवहाराचा, तिसरा माणसाला बुडवणाऱ्या दोषांचा आणि चौथा तारणाऱ्या गुणांचा. नमाज, उपवास, दान यांचे बाह्य नियम ते आधी काटेकोर सांगतात, मग त्यांचे अंतरंग उघडतात. कर्म सोडा असे ते कोठेही म्हणत नाहीत; मन हजर नसलेले कर्म म्हणजे प्राणावाचून देह, एवढेच त्यांचे सांगणे.

फारसीत त्यांनी याचेच सार सोपे करून लिहिले, ते ‘किमिया-ए-सआदत’, म्हणजे सौख्याची किमया. आपण मराठीत ‘किमया’ म्हणतो, तोच हा मूळ अरबी शब्द. लोखंडाचे सोने करणारी विद्या ती किमया. माणसाला पशुपणातून वर काढणारी ती खरी किमया. अकबर बादशहाला जे ग्रंथ वाचून दाखवत, त्यांत हाही होता, असे अबुल फजलने नोंदले आहे.

त्यांचे दृष्टान्त पाहा. हृदय हे एक तळे आहे. पाच इंद्रियांचे पाच ओहोळ बाहेरून त्यात पाणी आणतात. ते काही काळ बंद करा, तळ खणा, गाळ काढा. आतून झरा लागेल, तो अधिक निर्मळ. दुसरा दृष्टान्त चिताऱ्यांचा. एका राजाने दालनाची एक बाजू रूमच्या चिताऱ्यांना दिली, दुसरी चीनच्या, मध्ये पडदा. रूमवाल्यांनी नाना रंग आणले. चीनवाल्यांनी रंग घेतलाच नाही, भिंत घासून घासून आरसा केली. पडदा उघडला तेव्हा समोरचे सारे चित्र त्या भिंतीत अधिक तेजाने उजळले. हत्ती चाचपणाऱ्या आंधळ्यांची गोष्टही त्यांच्या लेखनात आहे. आपल्याकडे जो अंधगजन्याय म्हणतात, तोच हा.

यात्रेकरूंसाठी

आता वाटेने चालणाऱ्यांसाठी जे आहे ते सांगतो. ‘किमिया’त ते म्हणतात, देह हा यात्रेकरूचा उंट आहे. त्याला चारापाणी द्यावे लागते, नाही कोण म्हणतो? पण जो दिवसभर उंटालाच खरारा करीत, सजवीत बसला, त्याला टाकून तांडा पुढे जातो आणि तो वाळवंटात नाश पावतो.

‘इह्या’त हजयात्रेचे अंतरंग आहे. शिदोरी बांधताना शेवटच्या प्रवासाची शिदोरी आठव. यात्रेचे ते बिनशिवलेले वस्त्र नेसताना कफन आठव. तेही असेच बिनशिवलेले असते.

आणि आत्मवंचनेच्या प्रकरणात एक गोष्ट आहे. बिश्र नावाच्या साधूकडे एक मनुष्य हजला जाण्यापूर्वी निरोप घ्यायला आला.

“खर्चाला किती घेतलेस?”

“दोन हजार दिरहम.”

“हेतू काय? वैराग्य, त्या स्थानाची ओढ, की ईश्वराची प्रसन्नता?”

“ईश्वराची प्रसन्नता.”

“ती घरी बसून मिळाली तर? दहा जणांना हे धन दे. कर्जात बुडालेला, दरिद्री, लेकुरवाळा, अनाथ पोर सांभाळणारा, अशांना दे.”

मनुष्य क्षणभर गप्प झाला, मग म्हणाला, “माझ्या मनात प्रवासाचीच ओढ अधिक आहे.” बिश्र हसले. वाईट मार्गाने आलेले धन असले की मन ते आपल्याच हौसेवर खर्चायला लावते आणि वर सत्कर्माचा देखावा करते, असे त्यांनी सांगितले.

यावरून यात्रा करू नये असा अर्थ कोणी काढू नये. गझाली स्वतः यात्रेला गेले. प्रश्न एवढाच आहे की, शेजारी उपाशी असताना मी निघालो, तर मी देवाकडे निघालो की माझ्या हौसेकडे?

त्याच प्रकरणात उपदेशकही सुटलेले नाहीत. श्रोत्यांना रडवून स्वतः कोरडा राहणारा वक्ता, मशीद बांधून तीवर आपले नाव कोरणारा धनिक, ठिगळांची वस्त्रे पांघरून सूफी म्हणवणारा, सारे तेथे आहेत. पहिल्या प्रकरणात ते विचारतात की, कित्येक नगरांत मुसलमान वैद्य एकही नाही, तरी वैद्यकाकडे कोणी वळत नाही आणि धर्मशास्त्राच्या वादांकडे मात्र रीघ का? कारण तेथे पदे मिळतात. हे बोल पंडितांना झोंबले. ११०९ मध्ये, गझाली हयात असतानाच, स्पेनमधील कॉर्दोबा येथे ‘इह्या’ जाळण्यात आला.

एक शंका

येथे कोणी म्हणेल, तीन नेम केले ना, मग ११०६ मध्ये ते निशापूरच्या निजामियात शिकवायला कसे परतले? निजाम-उल्-मुल्कचा मुलगा फख्र-उल्-मुल्क वजीर होता, त्याच्या आग्रहावरून परतले. तेव्हाही लोकांनी बोल लावलेच असतील. त्यांचे उत्तर असे : बाहेरून पाहता मी परतलो, पण खरे पाहता परतलो नाही. पूर्वी जी विद्या मान मिळवून देते ती शिकवत होतो, आता जी मान सोडायला लावते ती शिकवतो. हे उत्तर सर्वांना पटेलच असे नाही. पण एक गोष्ट निश्चित : त्यांनी हा प्रश्न लोकांच्या आधी स्वतःला विचारला होता.

दुसरे असे की, गझालींना आपल्या मताचे करून घेण्याचा मोह नको. ते अखेरपर्यंत आपल्या शरियतेवर निष्ठ होते. मूर्ती, अवतार त्यांना मान्य नव्हते. भेद आहे तेथे भेद म्हणावा. भेद राहूनही शिकता येते.

शेवटी ते तूसला घरी आले. घराजवळ विद्यार्थ्यांसाठी मदरसा आणि सूफींसाठी मठ चालवला. डिसेंबर ११११ मध्ये, शके १०३३ त, त्यांनी देह ठेवला. ज्ञानेश्वरी लिहिली गेली ती याच्या १७९ वर्षांनंतर. बंधू अहमद सांगतात की, त्या पहाटे त्यांनी नमाज केला, आपले कफन मागवले, त्याचे चुंबन घेतले, डोळ्यांना लावले आणि मालकाच्या भेटीला निघालो असे म्हणून ते पाय पसरून निजले. उजाडण्यापूर्वी प्राण गेला होता.

हा पाठ वाचून झाल्यावर घरातल्या चार जणांत बसून एवढेच मनन करावे : दरोडेखोराने आज आपले गाठोडे नेले, तर आपल्यापाशी काय उरेल?