जलालेख : नदीच्या पुराचे वाचन

प्रास्ताविक

सोलापूर जिल्हा अवर्षणप्रवण म्हणून ओळखला जातो. येथील पावसाचे वार्षिक मान सरासरीने सुमारे साडेपाचशे मिलिमीटर, म्हणजे बावीस इंचांच्या आसपास आहे. असे असूनही भीमा व सीना या नद्यांच्या काठची गावे पुराच्या भयापासून मुक्त नाहीत. विशेष म्हणजे, भीमेला पूर येतो तेव्हा पुष्कळदा गावावर पावसाचा थेंबही पडलेला नसतो. आभाळ निरभ्र असते, शिवारातील पिके पाण्यासाठी आसुसलेली असतात, आणि पंढरपुरास चंद्रभागेचे पाणी मात्र घाटाच्या पायऱ्या चढत असते.

विद्यार्थ्यांच्या मनात पाऊस आणि पूर या दोन गोष्टी एकाच वेळी घडणाऱ्या म्हणून बसलेल्या असतात. पाऊस थांबला की पूर ओसरू लागणार, ही समजूत प्रौढांतही सर्रास आढळते. ती केवळ चुकीची नव्हे, तर घातक आहे. फरशी पुलावरून पाणी वाहत असताना गाडी किंवा जनावरे पलीकडे नेण्याचा मोह पुष्कळदा तिच्यातूनच उत्पन्न होतो. पाऊस व पूर यांच्यामध्ये काळाचे अंतर असते. हे अंतर डोळ्यांना दाखविणारे सोपे साधन म्हणजे जलालेख होय. वरच्या इयत्तांतील भूगोल व गणित या दोन्ही विषयांच्या तासांना हा पाठ घेता येईल.

जलालेख म्हणजे काय ?

दवाखान्यात रुग्णाच्या खाटेशी ज्वराचा तक्ता टांगलेला असतो. ठराविक वेळी ताप मोजून त्यावर बिंदू मांडतात व ते रेषेने जोडतात. तक्ता पाहताच ताप केव्हा चढला, केव्हा उतरला, हे कळते. नदीचा जलालेख हा त्याच जातीचा तक्ता आहे. आडव्या अक्षावर वेळ व उभ्या अक्षावर नदीचा प्रवाह मांडला की जलालेख तयार होतो.

प्रवाह म्हणजे एका ठिकाणाहून एका सेकंदात पुढे जाणारे पाणी. आपल्याकडे तो बहुधा घनफूट प्रति सेकंद, म्हणजे क्युसेक, या मापात सांगतात. एक घनमीटर प्रति सेकंद म्हणजे सुमारे ३५·३ क्युसेक. पाण्याची उंची आणि प्रवाह या दोन गोष्टी एकच नव्हेत, हे येथेच स्पष्ट करावे. नदीचे पात्र वर रुंद होत जाते आणि पाणी वाढले की त्याचा वेगही वाढतो. त्यामुळे मोजपट्टीवर पाणी दुप्पट उंचीला आले, तर प्रवाह दुपटीहून पुष्कळ अधिक झालेला असतो. म्हणून मापनकेंद्रावर उंची व प्रवाह यांचा मेळ आधी मोजून ठेवतात आणि पुढे उंचीवरून प्रवाह काढतात. जिल्ह्यात भीमेवर टाकळी येथे व सीनेवर वडकबाळ येथे केंद्रीय जल आयोगाची मापनकेंद्रे आहेत.

आलेखाचे भाग

पुराच्या जलालेखाचा आकार टेकडीसारखा दिसतो. त्याचे चार भाग फळ्यावर दाखवावेत.

१. मूळ प्रवाह : पाऊस नसतानाही झऱ्यांतून व जमिनीत मुरलेल्या पाण्यातून नदीला मिळणारा प्रवाह.

२. चढती बाजू : उतारांवरून धावत आलेले पाणी नदीत पोहोचू लागले की रेषा वर चढते. ही बाजू बहुधा उभी असते.

३. शिखर : प्रवाहाचा सर्वांत मोठा आकडा.

४. उतरती बाजू : पाणी हळूहळू कमी होत जाते. ही बाजू चढत्या बाजूपेक्षा लांब व सौम्य असते, कारण दूरच्या ओढ्यांचे, शेतांत साठलेले आणि जमिनीत मुरलेले पाणी सावकाश येत राहते.

पाऊस व शिखर यांच्यामधील काळाला विलंबकाळ म्हणावे. सर्व पाठाचे सार या एका शब्दात आहे.

सरावाचे उदाहरण

पुढील आकडे केवळ सरावासाठी घेतलेले आहेत. एका नदीच्या उगमाकडील डोंगरात पहिल्या दिवशी दुपारी १२ वाजता पाऊस थांबला. खालच्या गावाजवळ प्रवाह असा होता (आकडे हजार क्युसेकमध्ये) :

पहिला दिवस : सकाळी ६ – १०, दुपारी १२ – १५, सायंकाळी ६ – ४०, रात्री १२ – ९०.
दुसरा दिवस : सकाळी ६ – १२०, दुपारी १२ – १००, सायंकाळी ६ – ७५, रात्री १२ – ५५.
तिसरा दिवस : सकाळी ६ – ४०.

विद्यार्थ्यांनी हे बिंदू चौकटीच्या कागदावर मांडून जोडावेत. मग शिक्षकांनी विचारावे : पाऊस थांबला त्या वेळी गावाजवळ प्रवाह किती होता ? शिखर केव्हा आले ? पाऊस थांबला तेव्हा गावात केवळ १५ हजार क्युसेक पाणी होते. शिखर त्यानंतर १८ तासांनी, १ लाख २० हजारांवर आले. डोंगरातला पाऊस थांबल्याची वार्ता ऐकून जो निर्धास्त झोपला, त्याच्या दारात पहाटे आठपट पाणी आले.

दुसरा प्रश्न गणिताचा आहे. आलेखाच्या रेषेखालचे क्षेत्रफळ म्हणजे वाहून गेलेले एकूण पाणी. सहा तासांचे २१,६०० सेकंद होतात. प्रत्येक सहा तासांच्या आरंभीच्या व अखेरच्या प्रवाहाची सरासरी घेऊन तिला २१,६०० ने गुणावे व बेरीज करावी. शिखरापूर्वीच्या चोवीस तासांत सुमारे साडेचार अब्ज घनफूट पाणी गेले. अब्ज घनफुटालाच टीएमसी म्हणतात. शिखरानंतरच्या चोवीस तासांत गेलेले पाणी सुमारे ६·७ टीएमसी भरते. म्हणजे 'पाणी उतरू लागले' असे लोक म्हणू लागतात, त्यानंतरच अधिक पाणी जावयाचे असते. हे उत्तर विद्यार्थ्यांनी स्वतः काढले तर ते विसरणार नाहीत.

जिल्ह्यातील दोन नद्या, दोन स्वभाव

भीमा सह्याद्रीत भीमाशंकर येथे उगम पावते. इंद्रायणी, मुळा-मुठा, घोड या नद्यांचे पाणी तिला पुणे जिल्ह्यात मिळते. नीरा तिला पुढे, उजनी धरणाच्या खालच्या बाजूस मिळते. या नद्यांच्या माथ्यावर सोलापूरच्या कित्येक पट पाऊस पडतो. म्हणून भीमेचा पूर हा मुख्यत्वे परमुलखातील पावसाचा पूर आहे. तो जुलै-ऑगस्टमध्ये येतो, लांबून येतो आणि काही दिवस टिकतो. लांबच्या प्रवासात पाणी काठांवर पसरते, त्यामुळे शिखर काहीसे बुटके व रुंद होते.

सीना अहिल्यानगरच्या परिसरात उगम पावते व दक्षिण सोलापूर तालुक्यात हत्तरसंग-कुडल येथे भीमेला मिळते. तिचे पाणलोट क्षेत्र कमी पावसाचे आहे, त्यामुळे वर्षातील पुष्कळ दिवस तिची रेषा तळाशी सरपटत असते. परंतु सप्टेंबर-ऑक्टोबरमध्ये याच प्रदेशात जोराचा पाऊस झाला, तर ती रेषा एकदम उभी चढते. याचे एक कारण जमिनीत आहे. काळ्या जमिनीला उन्हाळ्यात भेगा पडतात, त्या जूनचे पाणी पिऊन घेतात. पावसाळ्याच्या अखेरीस माती फुगून भेगा मिटलेल्या असतात, आणि तितकाच पाऊस आता जमिनीवरून धावत सुटतो. सप्टेंबर २०२५ मध्ये सीनेच्या पुराने माढा, मोहोळ आदी तालुक्यांतील नदीकाठची गावे वेढली. पावसाची टंचाई ज्यांच्या अंगवळणी पडली होती, अशी ही गावे होती. कोरडी नदी म्हणजे निरुपद्रवी नदी नव्हे, हा धडा त्यातून घ्यावा.

विद्यार्थ्यांनी या दोन नद्यांचे आलेख एकाखाली एक, केवळ आकाराने, रेखाटावेत : एकाचा माथा रुंद, दुसऱ्याचा सुळक्यासारखा.

धरण आणि आलेख

माढा तालुक्यात उजनी येथे भीमेवर बांधलेले धरण १९८० मध्ये पूर्ण झाले. त्याच्या जलाशयास यशवंतसागर म्हणतात व त्यात सुमारे ११७ टीएमसी पाणी मावते. जलाशयात जागा असेल तोवर धरण पुराचे शिखर पोटात घेते. तेव्हा धरणाच्या वरचा आलेख उंच, तर खालचा सपाट असतो. परंतु ही जागा अमर्याद नसते. एक लाख क्युसेकचा प्रवाह दिवसभर चालला, तर ८·६४ टीएमसी पाणी येते. जलाशयात १० टीएमसी जागा रिकामी असेल, तर असा प्रवाह तो सुमारे अठ्ठावीस तासच साठवू शकेल. त्यानंतर आलेले पाणी खाली सोडणे भाग असते. 'धरण आहे, मग पूर कसा ?' या प्रश्नाचे उत्तर या हिशेबात आहे.

दुसरी गोष्ट नकाशावर दाखवावी. नीरेचे पाणी उजनीच्या खाली मिळते, म्हणून उजनी त्यास अडवू शकत नाही. ऑगस्ट २०१९ मध्ये उजनीतून भीमेत व वीर धरणातून नीरेत सोडलेले पाणी एकाच काळात खाली आले आणि पंढरपुरास पुराने वेढले. दोन नद्यांची शिखरे एकाच वेळी संगमावर आली, तर त्यांची बेरीज होते. ती मागेपुढे आली, तर संकट सौम्य होते. दोन आलेख एकाच कागदावर काढून त्यांची बेरीज करण्याचा अभ्यास यासाठी उत्तम आहे.

धरण फुटल्यास आलेखाची चढती बाजू जवळजवळ भिंतीसारखी उभी होते. १२ जुलै १९६१ रोजी पानशेत धरण फुटले व त्यापाठोपाठ खडकवासला धरणही गेले. मुठेच्या त्या लोंढ्याने पुणे शहराचा काठ उद्ध्वस्त केला. अशा वेळी विलंबकाळ हा सावध होण्यासाठी मिळणारा एकमेव अवधी असतो.

उन्हाळ्याच्या आलेखातही शिकण्याजोगे आहे. सोलापूर शहराच्या पिण्याच्या पाण्यासाठी उजनीतून नदीत पाणी सोडण्याचा प्रघात अनेक वर्षे राहिला आहे. कडक उन्हात आलेखावर दिसणारा असा लहान उंचवटा पावसाचा नसून माणसाने सोडलेल्या पाण्याचा असतो.

ओढ्यावरील प्रयोग

हा प्रयोग हिवाळ्यात, घोट्याएवढ्या पाण्याच्या ओढ्यावरच व शिक्षकांच्या देखरेखीखाली करावा. पावसाळ्यात तो मुळीच करू नये. सरळ वाहणाऱ्या भागात २० मीटर अंतर मोजून खुंट्या ठोकाव्यात. ओढ्याची रुंदी व तीन-चार ठिकाणची खोली मोजून सरासरी काढावी. लाकडाचा लहान तुकडा वरच्या खुंटीपाशी सोडून तो खालच्या खुंटीपर्यंत किती सेकंदांत येतो, हे तीनदा मोजावे.

उदाहरणार्थ, ओढा ४ मीटर रुंद व सरासरी पाव मीटर खोल असेल, तर पाण्याचा छेद १ चौरस मीटर होतो. तुकड्यास ४० सेकंद लागले, तर पृष्ठभागाचा वेग अर्धा मीटर प्रति सेकंद होय. तळाशी पाणी मंद वाहते, म्हणून त्यास ०·८५ ने गुणावे. प्रवाह ०·४२५ घनमीटर प्रति सेकंद, म्हणजे सुमारे १५ क्युसेक होतो. एवढे स्वतः मोजल्यावर वर्तमानपत्रातील 'एक लाख क्युसेक विसर्ग' या शब्दांचा अर्थ विद्यार्थ्यांना प्रथमच कळतो : असे सहा हजारांहून अधिक ओढे एकत्र !

शाळेची नोंदवही

नदीकाठच्या शाळेने पावसाळ्यात एक नोंदवही ठेवावी. तीत तारीख, गावातील पाऊस, जलसंपदा विभागाने जाहीर केलेला धरणाचा विसर्ग व गावाजवळील पाण्याची खूण या बाबी रोज लिहाव्यात. घाटाची पायरी किंवा पुलाचा खांब ही खूण म्हणून चालेल. ती दुरून, उंच व सुरक्षित जागेवरून शिक्षकांनीच पाहावी. विद्यार्थ्यांस पाण्याजवळ पाठवू नये. वर धरणातून पाणी सोडल्यापासून गावात खूण चढण्यास किती तास लागतात, हे दोन-तीन पावसाळ्यांत ध्यानात येईल. प्रत्येक गावासाठी हा आकडा निराळा असतो आणि तो कोणत्याही पाठ्यपुस्तकात छापलेला नाही. ज्या शाळेजवळ तो असेल, त्या गावास जनावरे सोडण्यास, धान्य हलविण्यास व वृद्धांना उंचावर नेण्यास लागणारी वेळ हाताशी राहील. शासकीय इशाऱ्याची जागा मात्र ही नोंद घेऊ शकत नाही. इशारा आला की तो पाळावयाचाच. नोंदवहीमुळे त्याचा अर्थ गावास लवकर उमगेल, इतकाच तिचा उपयोग.

स्वाध्याय

१. दिलेल्या उदाहरणात विलंबकाळ किती ? तो केव्हापासून मोजला ?

२. भीमेचा पूर रुंद माथ्याचा व सीनेचा सुळक्यासारखा का असतो, ते पाच वाक्यांत लिहा.

३. पन्नास हजार क्युसेक प्रवाह बारा तास चालला, तर किती टीएमसी पाणी जाईल ? (उत्तर : २·१६)

४. आपल्या गावापासून वरच्या बाजूस असलेली धरणे व संगम नकाशावर दाखवा.

५. पाऊस थांबला असून फरशी पुलावर पाणी आहे. वडील पलीकडे जाऊ इच्छितात. आलेखाच्या आधारे त्यांना काय सांगाल ?

पाचव्या प्रश्नाचे उत्तर वहीत लिहून संपू नये. विद्यार्थ्यांनी ते घरी बोलून दाखवावे व घरच्यांचे म्हणणे दुसऱ्या दिवशी वर्गात सांगावे.