घटक ४ : वासुदेव गायतोंडे – जीवन आणि अमूर्त चित्रकला

४.१ प्रास्ताविक

कलावंताचे चरित्र वाचताना आपण बहुधा त्याच्या आयुष्यातील घटनांवरून त्याच्या कलाकृतींचा अर्थ लावतो. ही वाट सर्वत्र उपयोगी पडतेच असे नाही. वासुदेव गायतोंडे (१९२४–२००१) यांनी मोजकी चित्रे काढली, उत्तरकाळातील चित्रांना बहुधा शीर्षक दिले नाही आणि स्वतःविषयी ते फारच थोडे बोलले. अशा चित्रकाराचे जीवन आणि त्याची कला यांचा संबंध कसा जोडावा, हा या घटकाचा मुख्य प्रश्न आहे.

४.२ जीवनपट

गायतोंडे यांचे घराणे गोव्याचे असले, तरी त्यांचा जन्म नागपूरचा. म्हणून विदर्भातील वाचकाला त्यांच्याविषयी सहज आपुलकी वाटेल. १९४८ मध्ये त्यांनी मुंबईच्या सर जे. जे. स्कूल ऑफ आर्टमधून पदविका मिळविली. सूझा, रझा, हुसेन प्रभृतींनी १९४७ मध्ये स्थापन केलेल्या ‘प्रोग्रेसिव्ह आर्टिस्ट्स ग्रुप’शी ते १९५० मध्ये जोडले गेले. त्यांच्या आरंभीच्या चित्रांत मानवाकृती आहेत. त्यांवर भारतीय लघुचित्रांचा आणि पुढे पॉल क्ले या चित्रकाराचा प्रभाव जाणवतो. १९५७ मध्ये टोकियो येथील तरुण आशियाई चित्रकारांच्या प्रदर्शनात त्यांना पारितोषिक मिळाले. १९६४ मध्ये रॉकफेलर शिष्यवृत्तीवर ते न्यूयॉर्कला गेले. १९७१ मध्ये त्यांना ‘पद्मश्री’ मिळाली आणि १९७२ पासून ते दिल्लीत राहू लागले.

४.३ प्रभाव की समांतर प्रवास?

दुसऱ्या महायुद्धानंतर न्यूयॉर्कमध्ये अमूर्त अभिव्यक्तिवाद बहरला. पोलॉक, रॉथको आदी चित्रकारांनी वस्तूचे चित्रण सोडून रंग, पृष्ठभाग आणि चित्र काढण्याची क्रिया यांनाच महत्त्व दिले. गायतोंडे यांची तुलना वारंवार रॉथकोशी केली जाते. परंतु येथे सनावळीकडे लक्ष द्या. मानवाकृती सोडून ते शुद्ध रंगावकाशाकडे वळले, ते १९६० च्या सुमारास. म्हणजे अमेरिकेला जाण्यापूर्वीच. त्यांना त्या प्रवासातून बळ मिळाले असेल, दिशा मात्र त्यांची स्वतःची होती. झेन विचाराचे त्यांना आकर्षण होते. आपल्या चित्रांना ‘अमूर्त’ म्हणणेही त्यांना मान्य नव्हते. अमूर्तीकरणात मूळ वस्तू गृहीत असते. त्यांच्या चित्रांत अशी वस्तू आरंभापासूनच नव्हती.

४.४ चित्रप्रक्रिया

ते रोलर आणि पॅलेट नाइफ वापरून रंगाचे थर देत, काही थर खरवडत, कागदाच्या साहाय्याने रंग चढवीत किंवा उचलून घेत. खालचा थर वरच्या थरातून झिरपल्यासारखा दिसतो. या कामाला वेळ लागे. प्रत्यक्ष रंगवण्यापूर्वीचे चिंतन त्याहून दीर्घ असे. वर्षाकाठी जेमतेम काही चित्रेच पूर्ण होत. ही संथ गती त्यांच्या कार्यपद्धतीचाच भाग होती.

१९८४ मध्ये झालेल्या अपघातानंतर काही वर्षे त्यांना मोठ्या कॅनव्हासवर काम करता आले नाही. त्या काळात त्यांनी कागदावर शाईने लहान रेखाटने केली. साधन बदलले, साधना थांबली नाही. पुढे ते कॅनव्हासकडे परतले.

४.५ सारांश

निधनानंतर गायतोंडे यांची कीर्ती वाढली. २०१३ मध्ये मुंबईच्या लिलावात त्यांचे एक चित्र सुमारे २३.७ कोटी रुपयांना विकले गेले, तर २०१४ मध्ये न्यूयॉर्कच्या गुगेनहाइम संग्रहालयात त्यांचे सिंहावलोकनी प्रदर्शन भरले. किंमत हे मात्र रसग्रहणाचे माप नव्हे. त्यांचे जीवन त्यांच्या चित्रांतील प्रसंग सांगत नाही. चित्राकडे किती सावकाश पाहावे, हे सांगते. जीवन आणि कला यांचा येथील दुवा घटनांचा नसून वृत्तीचा आहे.

४.६ स्वाध्याय

१. गायतोंडे यांना रॉथकोचे अनुयायी म्हणणे योग्य ठरेल का? सनावळीच्या आधारे लिहा.

२. ‘अमूर्त’ या संज्ञेला गायतोंडे यांचा आक्षेप का होता?

३. अकोल्यात किंवा तुमच्या गावात चुन्याचे अनेक हात बसलेली एखादी जुनी भिंत दहा मिनिटे पाहा. ‘हे कशासारखे दिसते?’ हा प्रश्न बाजूला ठेवून रंग, थर, ओल आणि प्रकाश यांचे दहा वाक्यांत वर्णन करा. उपमा वापरू नका. लिहिताना कोणती अडचण आली, तेही नोंदवा; अमूर्त चित्राच्या रसग्रहणाची सुरुवात त्या अडचणीपासूनच होते.