कैदेतला देव : सिद्दींचे हिरियरु आणि ब्राझीलचे ओरिशा

॥ श्री गुरवे नमः ॥



जोयडा तालुक्यातल्या एका कुटुंब गटात प्रश्न आला : "आमचे सिद्दी शेजारी घरी हिरियरुंची पूजा करतात आणि प्रसाद पाठवतात. अनुग्रह घेतलेल्यांनी तो घ्यावा का?" त्यावर कुणी 'भुताखेतांचं आहे' असंही लिहिलं. म्हणून या वेळचा अभ्यास याच विषयावर.

हिरियरु हा कानडी शब्द, अर्थ वाडवडील. जंजिऱ्याचे सिद्दी आपल्याला इतिहासातून ठाऊक आहेत, ते सत्ताधारी. आपल्या रानातल्या सिद्दींची वाट वेगळी. पोर्तुगीजांनी त्यांच्या पूर्वजांना आफ्रिकेतून गुलाम म्हणून गोव्यात आणलं. त्यातले पुष्कळ जण पळून यल्लापूर, हळियाळ, जोयड्याच्या जंगलात आले. आज त्यांच्यात हिंदू आहेत, मुसलमान आहेत, ख्रिस्ती आहेत. पण वाडवडिलांचा मान तिन्ही धर्मांच्या घरांत दिसतो. गाव सुटलं, भाषा गेली, देवांची नावं गेली, तरी मेलेल्या माणसांची आठवण गेली नाही. आपण पितृपक्षात पान वाढतो ते तरी दुसरं काय?

त्याच पोर्तुगीजांच्या जहाजांनी ४० लाखांहून जास्त आफ्रिकन माणसं ब्राझीलला नेली. तिथं गुलामगिरी संपली थेट १८८८ साली. त्यांच्यातल्या योरुबा लोकांनी मात्र देवांची नावंसुद्धा टिकवली. त्या देवांना म्हणतात ओरिशा आणि त्या उपासनेला कांदोंब्ले. मालकांच्या धाकानं समोर ख्रिस्ती संतांची मूर्ती आणि मनात आपला देव, असं पिढ्यान् पिढ्या चाललं. येमांजा ही आफ्रिकेत नदीची देवी. समुद्रापार आलेल्या लेकरांसाठी ती समुद्राची आई झाली. २ फेब्रुवारीला साल्वादोर शहरात लोक तिला फुलं, अत्तर, आरसे वाहतात. शांगो हा विजेचा आणि न्यायाचा राजा.

आणि ओशाला. मातीतून माणसाचा देह घडवणारा, पांढऱ्या वस्त्रातला म्हातारा देव. त्याची कथा घरी मोठ्यानं वाचावी अशी आहे.

ओशाला काठी टेकत शांगोच्या राज्यात त्याला भेटायला निघाला. वाटेत त्याचे कपडे तेला-कोळशानं माखले. राजाचा हरवलेला घोडा दिसला म्हणून त्यानं तो धरला, तर शिपायांनी चोर समजून पकडला आणि कोठडीत टाकला. तो काही बोलला नाही. सात वर्षं गेली. पाऊस थांबला, पिकं वाळली, बायकांच्या कुशी उजवेनात. शेवटी राजानं कौल लावला तेव्हा कळलं, निर्दोष म्हातारा तुझ्या तुरुंगात आहे. शांगो स्वतः गेला. सगळ्यांनी पांढरं नेसून, एक शब्द न बोलता पाणी आणलं आणि देवाला न्हाऊ घातलं. बाहिया प्रांतात आजही पांढऱ्या कपड्यांत, मौन पाळून पाणी आणण्याचा तो विधी होतो.

आपल्याला लगेच सत्यनारायणाच्या पोथीतला साधुवाणी आठवेल. तोही चोरीच्या खोट्या आळावर कैदेत पडला. पण बघा हं, तिथं वाण्यानं नवस चुकवलेला असतो. ओशालाची काहीच चूक नाही. चूक राज्याची, आणि दुष्काळही राज्यालाच. साखळदंडातल्या माणसानं ही गोष्ट आपल्या लेकराला सांगितली असेल तेव्हा त्याला काय कळलं असेल? की हे आपल्या पापाचं फळ नव्हे. आमच्या मते या कथेचा खरा अर्थ तिथं आहे. 'पूर्वकर्म' म्हणून दुसऱ्याच्या दुःखावर बोट ठेवायची आपली सवय या कथेपुढं टिकत नाही.

आता प्रसादाचं. शेजाऱ्यानं वाडवडिलांच्या नावानं दिलेलं दोन्ही हातांनी घ्यावं. आपल्या नेमात न बसणारं काही असेल, तर हात जोडून सांगावं. ते समजून घेतात. गटात मात्र 'भुताखेतांचं' हा शब्द पुन्हा नको.

रविवारच्या कौटुंबिक वाचनात ओशालाची गोष्ट मुलांकडून सांगून घ्यावी आणि शांगोनं आधीच चौकशी का केली नाही, हे त्यांनाच विचारावं. उत्तरं गटात कळवा.

जय गुरुदेव.